दोन फटक्यांचा हिशेब

खोटे बोलू नये, हे आपल्याला लहानपणीच शिकविले जाते. परंतु पूर्वी कोणाच्या तरी हातून झालेली एखादी चूक, जिच्यामुळे आता कोणाचेच काही बिघडत नाही, ती तशीच चालू द्यावी की उकरून काढून दुरुस्त करावी, हे मात्र कोणी शिकवीत नाही. हा प्रश्न आपल्या इतिहासाबद्दल विचारला की माणसे लगेच बाह्या सरसावतात. त्यात जात येते, प्रांत येतो, घराण्याचा अभिमान येतो. म्हणून मी तो एका खेळाविषयी विचारणार आहे. आणि तोही आपल्या क्रिकेटविषयी नव्हे, अमेरिकेतल्या बेसबॉलविषयी. शेजाऱ्याच्या घरातला वाद जरा स्वच्छ दिसतो.

बेसबॉल हा आकड्यांचा खेळ आहे. क्रिकेटमध्ये धावफलक असतो, तसा तेथे प्रत्येक सामन्याचा तक्ता एकोणिसाव्या शतकापासून वर्तमानपत्रांत छापून येत आला आहे. फलंदाजाने चेंडू टोलविला आणि तो सुखरूप ठाण्यावर पोहोचला, की त्याच्या नावावर एक यशस्वी फटका लागतो. आयुष्यात असे फटके किती, आणि मिळालेल्या संधींशी त्यांचे प्रमाण किती, ह्यावर त्याची थोरवी ठरते. टाय कॉब ह्या खेळाडूचे नाव तिकडे आपल्या ब्रॅडमनसारखे घेतात. १९२८ मध्ये तो निवृत्त झाला तेव्हा त्याच्या नावावर ४१९१ फटके होते, आणि अर्धशतकाहून अधिक काळ तेथील शाळकरी पोरांना हा आकडा पाढ्यासारखा पाठ होता.

आता १९१० सालची हकीकत ऐका. त्या वर्षी सर्वोत्तम सरासरीच्या फलंदाजाला चामर्स नावाच्या कंपनीने मोटारगाडी देऊ केली होती. चुरस होती डेट्रॉइटचा कॉब आणि क्लीव्हलंडचा नॅप लाज्वे ह्या दोघांत. आपली आघाडी आता सुटत नाही असे वाटून कॉब शेवटचे दोन सामने खेळलाच नाही. हे काही शूराचे लक्षण नव्हे. कॉब हा तापट माणूस, प्रतिस्पर्ध्यांना मुळीच न आवडणारा. शेवटच्या दिवशी, ९ ऑक्टोबरला, सेंट लुइसच्या संघाविरुद्ध लाज्वेचे दोन सामने होते. सेंट लुइसच्या व्यवस्थापकाने आपल्या एका नवख्या पोराला तिसऱ्या ठाण्यावर इतके मागे उभे केले, की लाज्वेने चेंडू नुसता हलकेच पुढे ढकलावा आणि आरामात पहिले ठाणे गाठावे. त्याने तसेच केले. दोन सामन्यांत आठ फटके, त्यांतले बहुतेक असे दान मिळालेले! गवगवा झाला, चौकशी झाली, व्यवस्थापकाची नोकरी गेली. संघटनेच्या अध्यक्षांनी अखेर एका केसाच्या फरकाने कॉब पहिला असे जाहीर केले. कंपनीने शहाणपणा केला: दोघांनाही एकेक गाडी देऊन टाकली.

गोष्ट येथे संपली असती. परंतु सत्तर वर्षांनी जुन्या दैनिक नोंदवह्या तपासणाऱ्या पीट पामर ह्या अभ्यासकाला दिसले, की डेट्रॉइटचा एक सामना वहीत दोनदा चढविला गेला आहे. त्या दुबार नोंदीत कॉबचे दोन फटके होते. म्हणजे एकूण फटके ४१९१ नव्हेत, ४१८९. आणि १९१० ची सरासरी लाज्वेच्या खाली. हे १९८१ मध्ये प्रसिद्ध झाले. तेव्हाचे आयुक्त बोवी कून ह्यांनी नोंद बदलण्यास नकार दिला. इतक्या वर्षांनी जुने निर्णय फिरवू नयेत, असा त्यांचा एकूण पवित्रा.

मला वाटते, कून ह्यांच्या बाजूने बोलण्याजोगे बरेच आहे. चूक दुरुस्त केली तर पहिला क्रमांक कोणाला जातो? ज्याला प्रतिपक्षाने ठरवून फटके बहाल केले, त्याला! कारकुनाची एक प्रामाणिक चूक पुसायची आणि मैदानावरची लबाडी मात्र शिरोधार्य मानायची, हा कुठला न्याय? पण जरा थांबून पाहावे. लाज्वेने चेंडू टोलविला, तो पोहोचला, हे हजारो माणसांनी पाहिले. ते घडले. कॉबचे ते दोन फटके मात्र कोणीच पाहिले नाहीत, कारण ते घडलेच नाहीत. घडलेल्या गोष्टीला वाईट म्हणता येते, तिची शिक्षा देता येते. न घडलेल्या गोष्टीला केवळ ती आपल्याला हवा तो निकाल देते म्हणून घडली असे म्हणता येत नाही. न्याय करणे हे नोंदवहीचे काम नव्हे. तिने न्याय करायला घेतला, की मग न्यायाधीशापुढे ठेवायला पुरावाच उरत नाही.

हा हट्ट किती दूर पोहोचतो पाहा. ११ सप्टेंबर १९८५ रोजी सिनसिनाटीच्या मैदानावर पीट रोझने ४१९२ वा फटका मारला. सारे प्रेक्षागार उभे राहिले, टाळ्या मिनिटामागून मिनिटे थांबेनात, रोझ पहिल्या ठाण्यावर रडला. परंतु कॉबचा खरा आकडा ४१८९ असेल, तर रोझने त्याला तीन दिवस आधीच, ८ तारखेला, शिकागोत मागे टाकले होते. मग सिनसिनाटीचे ते अश्रू खोटे काय? मी तसे म्हणणार नाही. चुकलेल्या पंचांगावरून कोणी एक दिवस उशिरा दिवाळी केली, तर पणत्या कमी उजळतात असे नाही. मात्र चूक कळल्यावर ते पंचांग पुन्हा तसेच छापणे, ह्याला वेगळे नाव आहे.

आज ही सारी माहिती संगणकाच्या पडद्यावर क्षणात मिळते. डेलावेअरचे जीवशास्त्राचे प्राध्यापक डेव्हिड स्मिथ ह्यांनी १९८९ मध्ये ‘रेट्रोशीट’ सुरू केले. जुन्या सामन्यांचा चेंडूगणिक वृत्तांत मिळवायचा, संगणकात भरायचा आणि कोणालाही फुकट द्यायचा, एवढेच काम. करणारे बहुतांशी स्वयंसेवक. अधिकृत आकड्यांशी जेथे आपले आकडे जुळत नाहीत, तेथे ती विसंगतीही ते नोंदवून ठेवतात. ‘बेसबॉल-रेफरन्स’ ह्या २००० साली निघालेल्या कोशालाही ह्याच सामग्रीचा मोठा आधार आहे. रेट्रोशीटवाले वापरणाऱ्याकडून मोबदला मागतात तो एका वाक्याचा: ही माहिती आम्हांकडून मिळाली, एवढे लिहा. क्रीडालेखक दररोज तेथे जातात, आकडा उचलतात, लेखात टाकतात; आणि ते एक वाक्य कित्येकदा राहून जाते. पायरीवर ठेवलेल्या रांजणातले पाणी पिऊन रांजण भरणाऱ्याचे नावही न विचारण्यासारखे हे आहे.

दुसरीही एक लेखकी खोड आहे, आणि ती मला अधिक वाईट वाटते. लॉरेन्स रिटर ह्यांनी पाऊण लाख मैल हिंडून म्हाताऱ्या खेळाडूंच्या आठवणी ध्वनिमुद्रित केल्या. त्यांचे पुस्तक १९६६ मध्ये निघाले. त्यांतल्या काही आठवणी नोंदींशी जुळत नाहीत. साहजिकच आहे. म्हाताऱ्याने सांगितलेला तो विजयी फटका कोष्टकात नाही, असे दाखवून त्याला तोंडघशी पाडणे आता सोपे झाले आहे. पानशेतचे धरण फुटले तो १२ जुलै १९६१ चा दिवस बुधवार होता. पुण्यातल्या एखाद्या आजोबांनी तो शनिवार होता असे सांगितले, तर इतिहास लिहिणाऱ्याने बुधवारच लिहावा. पण आजोबांचे बोलणे तोडून नव्हे. त्यांना वार आठवत नसतो. वाड्याच्या जिन्यावर चढत आलेले पाणी आठवत असते, आणि ते कुठल्याच कोष्टकात नसते.

खरी कसोटी जॉश गिब्सनच्या बाबतीत लागली. तो कृष्णवर्णीय. त्या काळी मोठ्या संघांची दारे त्याच्या लोकांना बंद होती, म्हणून तो त्यांच्या वेगळ्या संघांतून खेळला आणि जानेवारी १९४७ मध्ये, अवघ्या पस्तिसाव्या वर्षी, वारला. पुढे तीनच महिन्यांनी जॅकी रॉबिन्सनने तो बंद दरवाजा उघडला. गिब्सनने जवळजवळ ८०० ‘होम रन’ मारल्याचे कूपरस्टाउनच्या स्मारकफलकावर कोरले आहे. संशोधकांनी कृष्णवर्णीयांच्या जुन्या साप्ताहिकांची पाने चाळून सामने एकेक करून गोळा केले. मे २०२४ मध्ये ते आकडे अधिकृत नोंदींत घेण्यात आले आणि गिब्सनची आयुष्याची सरासरी ०.३७२ ठरली. ०.३६७ वाला कॉब दुसरा झाला. पण ह्याच हिशेबात त्याचे ‘होम रन’ दोनशेच्याही आत आले, कारण गावोगावचे प्रदर्शनीय सामने त्यात धरलेले नाहीत आणि साऱ्या सामन्यांचे तक्ते अजून हाती आलेले नाहीत. एका हाताने दिले, दुसऱ्याने काढून घेतले. ज्यांनी आयुष्यभर ८०० चा आकडा उराशी जपला, त्यांना हे रुचले नसेल. तरीही ०.३७२ वर कोणी बोट ठेवू शकत नाही, ते ह्याच कठोरपणामुळे. दयेपोटी मांडलेला आकडा दयेइतकाच टिकला असता.

शिकागोच्या हॅक विल्सनने १९३० मध्ये आपल्या फलंदाजीवर संघाच्या १९० धावा पुऱ्या करून घेतल्या. हा विक्रम अजून कोणी मोडलेला नाही. १९४८ मध्ये तो बाल्टिमोरला कफल्लक अवस्थेत मेला. अंत्यविधीचा खर्चही दुसऱ्यांना करावा लागला. पुढे एका वाचकाच्या शंकेवरून शोध सुरू झाला आणि २८ जुलैच्या एका सामन्यातली त्याची एक धाव चुकून सोबत्याच्या, चार्ली ग्रिमच्या, नावे लागल्याचे आढळले. जून १९९९ पासून तो आकडा १९१ आहे. विल्सनला ते कळायचे नव्हतेच. ग्रिमही १९८३ मध्ये गेलेला. नाहीतर त्याला विचारता आले असते, ती एक धाव तुला आठवते का म्हणून.