क्षुल्लक ओझी आणि मोकळे हात

मोठे दुःख माणूस कसेबसे सोसतो. लहानशा कुरबुरीने मात्र तो आतून पोखरला जातो, असा आपल्यापैकी अनेकांचा अनुभव आहे. घरात मृत्यू झाला तर शेजारीपाजारी धावून येतात, सर्वजण मिळून प्रार्थना करतात आणि हळूहळू मन सावरते. पण बडनेऱ्याला गाडी तासभर उशिरा आली, अकोल्याच्या ऐन उन्हाळ्यात नेमकी दुपारी वीज गेली, नळाच्या पाण्याचा दिवस कोरडा गेला, किंवा धर्मग्रामाच्या सणाच्या पत्रिकेत आपले नाव छापायचे राहून गेले, तर त्याचा सल किती दिवस टिकतो! त्यासाठी कोणी सांत्वनाला येत नाही. एवढ्याशा गोष्टीसाठी देवाला काय सांगायचे, म्हणून आपणही ती प्रार्थनेत ठेवीत नाही. देवाला सांगण्याजोगे जे वाटत नाही, तेच आपण वर्षानुवर्षे उराशी बाळगतो.

या क्षुल्लक गोष्टींच्या ठायी एवढे बळ येते कोठून? गोष्ट लहान असली तरी तिच्या पाठीशी उभा असलेला 'मी' लहान नसतो. पत्रिकेतून नाव गळले, हा छपाईतला दोष झाला. 'माझे नाव गळतेच कसे?' हा प्रश्न निराळा आहे. पहिल्याचा उपाय सोपा आहे. दुसरा प्रश्न रात्रीची झोप घेऊन जातो. बेथानीच्या मार्थेला प्रभू येशूने स्वयंपाक सोडायला सांगितला नव्हता. अनेक गोष्टींनी तिचे चित्त विचलित झाले होते आणि त्या भरात ती बहिणीचे गाऱ्हाणे खुद्द पाहुण्यापुढेच मांडू लागली होती, एवढेच त्याने तिच्या नजरेस आणून दिले. संत पौलाने बंदिवासातून फिलिप्पीच्या ख्रिस्ती मंडळीला पत्र लिहिले. चिंता सोडा, देवाची शांती तुमची अंतःकरणे राखील, हा त्यातील उपदेश सर्वांना ठाऊक आहे. परंतु त्याच्या अवघ्या काही ओळी आधी युवदीया आणि सुंतुखे या दोन सेविकांना त्याने एकमत होण्याची विनवणी केली आहे, हे फारसे कोणाच्या ध्यानात राहत नाही. त्यांचा वाद कशावरून होता ते पत्रात नाही. प्रेषिताला मात्र तो एवढा क्षुल्लक वाटला नाही, की शांतीविषयी लिहिताना तो वगळावा.

बाळ येशूची संत तेरेजा (१८७३–१८९७) हिने या विषयाचे जणू शास्त्रच रचले. फ्रान्समधील लिझ्यूच्या कार्मेल मठात सायंकाळच्या ध्यानाच्या वेळी तिच्या पाठीमागे बसणारी एक भगिनी सतत एक चमत्कारिक बारीक आवाज करी. मागे वळून पाहावे म्हणजे ती ओशाळून थांबेल, असे तेरेजाला वाटे. पण ती वळली नाही. तो आवाज जणू सुरेल संगीत आहे असे मानून तो प्रभूला अर्पण करण्याचा ती प्रयत्न करी. कपडे धुताना समोरच्या भगिनीच्या हातून मळके पाणी तिच्या तोंडावर उडे. तेव्हाही चेहरा पुसण्याची पहिली ऊर्मी तिने आवरली. विशेष म्हणजे, हे सारे सहज जमले असे ती म्हणत नाही. तो आवाज सोसताना आपल्याला घाम फुटे, अशी प्रांजळ नोंद तिने आपल्या आत्मकथनात केली आहे. म्हणजे चीड न येणे ही शांती नव्हे. आलेली चीड दुसऱ्याच्या माथी न मारणे, ही शांतीची पहिली पायरी होय. १९९७ साली ख्रिस्तसभेने तिला 'धर्मसभेची आचार्या' म्हणून गौरविले, ते याच 'लहान मार्गा'साठी.

तेरेजापेक्षा तीनच वर्षांनी लहान असा एक सत्पुरुष आपल्या अमरावती जिल्ह्यात शेंडगावी जन्मला. परीट कुटुंबातील डेबूजी १९०५ साली घरदार सोडून निघाले आणि पुढे गाडगेबाबा झाले. अंगावर चिंध्यांचे वस्त्र, एका हाती खराटा, जवळ मातीचे गाडगे. दिवसा गाव झाडायचे आणि रात्री कीर्तनातून माणसांची मने झाडायची, हा त्यांचा क्रम होता. पंढरपूर, नाशिक, आळंदी येथे त्यांनी यात्रेकरूंसाठी धर्मशाळा उभारल्या. स्वतःसाठी मात्र घर बांधले नाही. अपमानाला जाऊन आदळण्यासाठी 'माझे' असे काही लागते. ते त्यांनी ठेवलेच नव्हते. तरीही त्यांना निश्चिंत म्हणता येईल काय? कर्ज काढून सण साजरे करू नका, मुलांना शिकवा, दारू सोडा, हे कळवळून सांगत ते गावोगाव फिरले. २० डिसेंबर १९५६ रोजी अमरावतीकडे येताना वलगावजवळ त्यांनी देह ठेवला, तो प्रवासातच. स्वतःची चिंता त्यांनी टाकली होती. लोकांची चिंता शेवटपर्यंत वाहिली.

वऱ्हाडात राहून मनःशांतीचा विचार करताना हा भेद विसरता येत नाही. कर्ज आणि नापिकीने खचलेल्या कापूस उत्पादकांच्या आत्महत्यांमुळे जुलै २००६ मध्ये केंद्र शासनाला अमरावती, अकोला, यवतमाळ, बुलडाणा, वाशिम आणि वर्धा या सहा जिल्ह्यांसाठी ३,७५० कोटी रुपयांची मदत जाहीर करावी लागली. तरीही ते दुःख सरलेले नाही. ज्याच्या दारी सावकार उभा आहे, त्याला 'चिंता सोड, शांत राहा' असे सांगणे हा उपदेश नव्हे, निष्ठुरता आहे. उघड्यानागड्या व भुकेल्या बांधवाला काही न देता नुसते 'सुखाने जा' म्हणणाऱ्या श्रद्धेला संत याकोबाने निर्जीव ठरविले आहे. मग क्षुल्लक ताण सोडायचे कशासाठी? केवळ आपल्याला गाढ झोप लागावी म्हणून नव्हे. ज्याच्या दोन्ही हातांत स्वतःच्या रुसव्याफुगव्यांची गाठोडी आहेत, तो शेजाऱ्याच्या खऱ्या ओझ्याला हात लावणार कसा? गाठोडी खाली ठेवायची ती हात मोकळे व्हावेत म्हणून.

हे साधण्यासाठी संत इग्नेशियस लोयोला यांनी शिकविलेले आत्मपरीक्षण उपयोगी आहे. रात्री घरातील प्रार्थना झाल्यावर पाच मिनिटे शांत बसावे. आज मन कशाने खवळले? त्यात कोणाचे खरे नुकसान झाले, की केवळ माझा मान दुखावला? माझ्या हातून काही होण्यासारखे आहे काय? असेल तर ते उद्या सकाळी करावे. नसेल तर ती गोष्ट, कितीही किरकोळ असली तरी, नाव घेऊन प्रभूच्या स्वाधीन करावी. डोक्यावरील केसही मोजणाऱ्या पित्याला आपली लहान गोष्ट ऐकण्याचा कंटाळा येणार नाही.

पवित्र मिस्साबलीत प्रभूची प्रार्थना संपताच धर्मगुरू सर्वांच्या वतीने, सर्व प्रकारच्या अस्वस्थतेपासून आमचे रक्षण कर, अशी याचना करतो. त्यानंतर शांतीची प्रार्थना होते, मग आपण शेजाऱ्याला शांती देतो आणि शेवटी ख्रिस्तशरीराचा स्वीकार करतो. ख्रिस्तसभेने लावलेला हा क्रम मननीय आहे. व्याकूळता आधी देवाच्या हाती द्यायची, आणि मग जो हात मोकळा होतो, तो सर्वप्रथम शेजाऱ्यापुढे करायचा. येत्या रविवारी तो हात पुढे करण्यापूर्वी आपल्या मुठीत काय घट्ट धरले आहे, ते प्रत्येकाने क्षणभर पाहावे.