पाहणाऱ्याचा वाटा

भिवंडीच्या आसपासच्या गावांत बैलगाड्यांच्या शर्यतींना मोठी गर्दी लोटते. २०१४ साली सर्वोच्च न्यायालयाने या शर्यतींवर बंदी आणली, डिसेंबर २०२१ मध्ये अटींसह परवानगी दिली आणि मे २०२३ मध्ये घटनापीठाने राज्याचा कायदा वैध ठरवला. कायदा आयोजकाला जबाबदार धरतो, गाडीवानाला जबाबदार धरतो. कडेला उभ्या असलेल्या प्रेक्षकाला मात्र सहसा कोणी काही विचारत नाही. त्याचा या खेळात नैतिक वाटा किती, हा प्रश्न आम्हांला येथे मांडावयाचा आहे.

प्रश्न स्पष्ट व्हावा म्हणून त्याचे टोकाचे उदाहरण घेऊ. स्पेनमधील कोर्दोबा शहरी ४ जुलै १९१७ रोजी मानुएल रोद्रिगेझ सांचेझ जन्मास आला. त्याचे वडीलही बैलांशी झुंजणारे होते. १९३९ साली सेव्हिल येथे त्याला पूर्ण योद्ध्याचा दर्जा मिळाला आणि ‘मानोलेते’ हे नाव साऱ्या स्पेनच्या तोंडी झाले. उधळत आलेला बैल अंगाला घासून जाईपर्यंत पाय न हलवता, गंभीर मुद्रेने उभे राहणे ही त्याची ख्याती. २८ ऑगस्ट १९४७ रोजी लिनारेस येथे ‘इस्लेरो’ नावाच्या बैलाला तलवार खुपसताना त्याच बैलाचे शिंग त्याच्या मांडीत घुसले. दुसऱ्या दिवशी पहाटे तो मरण पावला. वय अवघे तीस. बैलही मेला.

त्याचे धैर्य खरे होते, हे नाकारण्याचे कारण नाही. परंतु न्यायावाचून धैर्य हे अन्यायाचेच साधन होते, असे संत अँब्रोज यांनी चौथ्या शतकात बजावले आहे. कामवारी नदीला पूर आला असता शेजाऱ्याला वाचवण्यासाठी पाण्यात उडी घेणाराही जीव धोक्यात घालतो. पण त्याच्या धाडसाने एक जीव वाचतो. रिंगणातल्या धाडसाने काय वाचते? माणूस स्वेच्छेने तेथे उतरतो, बैलाला तेथे आणले जाते. आणि दोघांनाही तेथे उभे करते ती तिकिटे काढून बसलेली गर्दी. आसने रिकामी राहिली असती तर तलवारही म्यानातच राहिली असती.

ख्रिस्तसभेने हा विषय फार पूर्वी हाताळला आहे. १ नोव्हेंबर १५६७ रोजी परमगुरू संत पायस पाचवे यांनी अशा खेळांवर बंदी घातली. त्यांना मुभा देणाऱ्या राजांस धर्मबहिष्काराची आणि खेळात मरणाऱ्यास ख्रिस्ती दफन नाकारण्याची शिक्षा त्यांनी ठरवली. १५७५ साली ग्रेगरी तेरावे यांनी प्रापंचिकांपुरती ती बंदी सैल केली. पायस यांचा भर माणसाच्या देहाला व आत्म्याला असलेल्या धोक्यावर होता. प्राण्यांना विनाकारण यातना देणे हे मानवी प्रतिष्ठेलाच बाधक आहे, असे १९९२ च्या कॅथलिक धर्मशिक्षण ग्रंथाने सांगितले. आणि मळणी करणाऱ्या बैलाला मुसके बांधू नये, ही अनुवादातील आज्ञा तर त्याहून कितीतरी प्राचीन.

आपल्या जवळचे उदाहरण गोव्याचे. तेथील सासष्टी तालुक्यात ख्रिस्ती शेतकऱ्यांमध्येही ‘धिरयो’ म्हणजे बैलांच्या झुंजी लोकप्रिय. दोन बैल शिंगांना शिंगे भिडवतात, पाठ फिरवील तो हरला. १९९६ साली मुंबई उच्च न्यायालयाच्या गोवा खंडपीठाने त्यांवर बंदी आणली. तरीही त्या चोरून भरतात, पैजा लागतात आणि त्यांना कायदेशीर मान्यता द्या, अशी मागणी पुन्हा पुन्हा होते. मालक बैलाला मुलाप्रमाणे वाढवतो, असे समर्थक म्हणतात. ते खरेही असेल. पण मग मुलाला रक्तबंबाळ होताना पाहून टाळ्या कोण वाजवील? मांस खाणाऱ्यांनी दयेच्या गोष्टी करू नयेत, हाही आक्षेप येतो. तो आम्ही हलका मानीत नाही. तथापि अन्नाची गरज पोट भरल्यावर थांबते. तमाशाची भूक मात्र पाहण्याने वाढतच जाते.

ही भूक कशी लागते, ते संत ऑगस्टीन यांनी आपल्या आत्मनिवेदनात सांगितले आहे. त्यांचा मित्र अलिपियस याला सोबत्यांनी ओढून रोमच्या रिंगणात नेले. पाहायचेच नाही, असा निश्चय करून त्याने डोळे मिटले. गर्दीची आरोळी उठली, डोळे उघडले आणि रक्त पाहताच तो त्याच गर्दीतला एक झाला. पुढे इतरांना तेथे ओढून नेणारा तोच! हाच अलिपियस नंतर धर्माध्यक्ष झाला, हेही विसरू नये. सवय सुटू शकते.

बैलगाडीची शर्यत आणि स्पेनची झुंज एकच, असे आम्ही म्हणत नाही. शर्यतीत बैलाला मारणे हा हेतू नसतो आणि शेतकऱ्याला आपल्या जोडीचा अभिमान वाटावा यात गैर काही नाही. पण नियम मोडून पराणी टोचली जाते, शेपटी पिरगाळली जाते, तेव्हा ते पाहून ‘आणखी जोरात!’ असे ओरडणारा निर्दोष कसा? आता तर मैदानावरही जावे लागत नाही. घरबसल्या मोबाइलवर झुंजी दिसतात आणि शेजारी मूल बसलेले असते. ते मूल बैलाकडे पाहते, तसेच आपल्या बापाच्या चेहऱ्याकडेही पाहते. दया म्हणजे काय, हे ते धर्मशिक्षणाच्या वर्गाआधी त्या चेहऱ्यावरून शिकते.