अर्धवट राहिलेली घरटी

१९३० साली दोन माणसे एकाच प्रश्नाजवळ दोन वाटांनी येऊन पोचली होती. इंग्लंडात रोथॅमस्टेडच्या शेती संशोधन केंद्रात काम करणाऱ्या रोनाल्ड फिशरचे नैसर्गिक निवडीच्या जनुकीय सिद्धान्तावरचे पुस्तक त्या वर्षी छापून आले. आणि त्याच वर्षी अलिबागजवळच्या किहीमला सालिम अली सुगरणींच्या वसाहतीपाशी बसून, कोणता नर कुठे विणतो आणि कोणती मादी कोणत्या घरट्यात शिरते, याची टिपणे करत होते. एकाकडे समीकरणे होती, दुसऱ्याकडे वही. प्रश्न मादीचा होता: जोडीदार कोण, हे खरोखर ती ठरवते का?

हा प्रश्न डार्विनचा. नैसर्गिक निवडीचे तत्त्व मांडून झाल्यावर त्याला सगळ्यात जास्त छळले ते मोराच्या पिसाऱ्याने. १८६० साली त्याने एसा ग्रे या अमेरिकी मित्राला कळवले की मोराचे पीस पाहिले की मला कसेसेच होते. पिसारा जड असतो, शत्रूच्या नजरेत भरतो, पळताना आडवा येतो. जगायला मदत करणारे गुणच टिकत असतील, तर हा कसा टिकला? १८७१ साली एका पुस्तकात त्याने उत्तर दिले. पिढ्यान्‌पिढ्या माद्यांनी देखण्या नरांना पसंत केले, म्हणून पिसारा वाढत गेला. यालाच त्याने लैंगिक निवड म्हटले. या पुस्तकासाठी त्याने भारतातल्या निरीक्षकांचा मोठा आधार घेतला. जर्डनच्या भारतीय पक्ष्यांवरील ग्रंथाचे हवाले त्यात पुन्हा पुन्हा येतात.

नरांची आपसातली झुंज त्या काळच्या शास्त्रज्ञांना पटली. शिंगे, सुळे, नखे सगळ्यांना दिसत होती. मादीची पसंती मात्र त्यांच्या गळी उतरली नाही. सगळ्यात ठाम विरोध केला तो आल्फ्रेड रसेल वॉलेसने, म्हणजे ज्याने नैसर्गिक निवडीचा शोध डार्विनच्या बरोबरीने लावला त्याने. पक्ष्यांच्या माद्यांना इतकी स्थिर आवड असेल, हे त्याला मान्य नव्हते. मादी फिकट का, याचे त्याचे स्पष्टीकरण वेगळे होते. १८६८ साली त्याने घरट्यांविषयी एक नियम मांडला. उघड्या घरट्यात बसणारी मादी फिकट रंगाची असते, कारण तिला लपायचे असते. झाकलेल्या घरट्यात किंवा ढोलीत बसणाऱ्या जातींत नर-मादी दोघेही रंगीत असू शकतात.

वॉलेसबद्दल मला अतोनात आदर आहे. मलाय द्वीपसमूहात आठ वर्षे हिंडून, तापाने फणफणत असताना त्याने जे पाहिले ते फार थोड्यांनी पाहिले. पण आपल्याकडची सुगरण त्याच्या या नियमात बसत नाही. तिच्या घरट्याइतके झाकलेले घरटे क्वचितच दुसऱ्या कोणाचे असेल: वर बंद पोटाची खोली, खाली लांब नळी, वरून पाहणाऱ्याला आतले काहीही दिसणार नाही. तरी मादी चिमणीसारखी मातकट आणि नर पावसाळ्यात हळदीसारखा पिवळा. लपण्याची गरज हे कारण इथे पुरे पडत नाही. दुसरे काहीतरी शोधायला हवे होते, आणि ते शोधायला झाडाखाली बसावे लागणार होते.

मुंबईत निसर्गाचा अभ्यास सुरू झाला होता, पण तो बराचसा कपाटातला होता. १५ सप्टेंबर १८८३ रोजी बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटी स्थापन झाली. संस्थापक आठ जण होते. त्यांत दोन मराठी डॉक्टर, आत्माराम पांडुरंग आणि सखाराम अर्जुन. आत्माराम पांडुरंग प्रार्थना समाजाचेही संस्थापक. सोसायटीचा पाया मात्र गोळी घालून आणलेल्या, पेंढा भरलेल्या पक्ष्यांवर उभा होता. सालिम अलींची वाटही तिथूनच सुरू झाली. लहानपणी मारलेली पिवळ्या गळ्याची चिमणी ओळखून घेण्यासाठी ते सोसायटीच्या मिलर्ड साहेबांकडे गेले आणि मिलर्डनी कपाटांचे खण उघडून दाखवले. या संग्रहाची निंदा मी करणार नाही. जातींची नावे, पिसांचे फरक, कोण कुठे आढळतो, हे सगळे त्यातूनच कळले. पण खणातला पक्षी काही पसंत किंवा नापसंत करू शकत नाही. मादीच्या निवडीचा प्रश्न पन्नास-साठ वर्षे रखडला याचे एक मोठे कारण मला हेच वाटते.

बर्लिनला एर्विन स्ट्रेसेमानच्या हाताखाली शिकून सालिम अली परतले, तेव्हा मुंबईच्या वस्तुसंग्रहालयातली त्यांची जागा पैशांअभावी बंद झालेली होती. ते आणि त्यांच्या पत्नी तेहमिना किहीमला राहायला गेले. तिथे सुगरणींची वसाहत अगदी जवळ होती, आणि हाताशी वेळ होता.

त्यांनी जे पाहिले ते १९३१ साली सोसायटीच्या नियतकालिकात आले. नर पात्यांच्या लांब चिरफळ्या आणून फांदीच्या टोकाला गाठ मारतो, कडे विणतो, मग कड्यावर छप्पर चढवतो. शिरस्त्राणासारख्या या अर्ध्या टप्प्यापर्यंत यायला त्याला आठवडाभर लागतो. इथे तो थांबतो. माद्यांचा घोळका येतो, आणि सगळ्या वसाहतीत नर आपापल्या अर्ध्या घरट्याला लटकून पंख फडफडवत ओरडू लागतात. मादी आत जाते, चोचीने धागे ओढून पाहते, बाहेर येते, दुसऱ्याकडे जाते. एखादे घरटे तिने पत्करले की तिथे जोडी जमते. मगच नर अंड्यांची खोली आणि नळी पुरी करतो, आणि लगेच शेजारी दुसऱ्या घरट्याचे कडे विणायला घेतो, दुसऱ्या मादीसाठी. अंडी उबवणे मादीचे एकटीचे काम. पिलांचे पोषणही बहुतेक तीच करते. ज्या घरट्याला कोणीच पत्करत नाही ते तसेच सोडून दिले जाते.

घरटे मादी बांधते, या आपल्या पिढीजात समजुतीला या निरीक्षणाने छेद दिला. भिंतीत लावलेल्या चिखलाच्या गोळ्यांवर काजवे चिकटवून सुगरण रात्री उजेड करते, ही गोष्टही आपण सगळ्यांनी ऐकलेली आहे. पण किहीमचे खरे मोल गैरसमज दूर करण्यापलीकडचे आहे. झाडाला लटकणारे प्रत्येक अर्धवट घरटे म्हणजे मादीने दिलेला नकार असू शकतो, आणि तो कोणालाही मोजता येतो, हे तिथे प्रथम स्पष्ट दिसले. डार्विनकडे तर्क होता. इथे झाडावर लटकणारा पुरावा होता.

फिशरने त्याच सुमारास आपल्या पुस्तकात मांडले की मादीची आवड आणि नराचा गुण एकमेकांना पुढे ढकलत जाऊ शकतात. देखण्या नराला पसंत करणाऱ्या मादीची मुलेही देखणी निघतात, त्यांनाही जास्त माद्या मिळतात, आणि आवड आणखी पसरते. तरीही शास्त्रज्ञ बधले नाहीत. १९३८ साली जूलियन हक्स्लीने लैंगिक निवडीला जवळपास किरकोळ ठरवले. किहीमचा लेख पक्षिनिरीक्षक वाचत राहिले, उत्क्रांतीचे सिद्धान्त मांडणारे दुसऱ्याच टेबलावर बसले होते.

या दोन टेबलांना जोडू पाहणारा माणूस म्हणजे जनुकशास्त्रज्ञ जे. बी. एस. हाल्डेन. ते १९५७ साली इंग्लंड सोडून भारतात आले, पुढे भारताचे नागरिक झाले आणि १९६४ साली भुवनेश्वरला वारले. महागडी यंत्रे नसली तरी धीराने पाहणारा माणूस भारतात अव्वल विज्ञान करू शकतो, आणि पक्षी न मारता त्यांचा अभ्यास होऊ शकतो, हे त्यांनी आग्रहाने मांडले. त्यांच्या मंडळीतल्या सुरेश जयकर आणि हेलन स्परवे यांनी टिटवीच्या घरट्यांवर असेच काम केले. आणखी एक धागा: हाल्डेनचे शिष्य जॉन मेनार्ड स्मिथ यांनी १९५६ साली फळमाशीवर दाखवले की मादी नराला नाचवून पाहते, आणि ज्याचे पाऊल मागे पडते त्याला नाकारते. तो लेख ज्या नियतकालिकात आला ते हाल्डेन आपल्याबरोबर भारतात घेऊन आले.

मग येतात पुण्याचे माधव गाडगीळ. शाळकरी वयात वेड्या राघूच्या शेपटीतली लांब पिसे कधी कधी का दिसत नाहीत, असा प्रश्न त्यांनी सालिम अलींना पत्राने विचारला होता आणि उत्तर आले होते. हार्वर्डला जाऊन गणिती पर्यावरणशास्त्र शिकलेल्या गाडगीळांनी १९७२ साली एक देखणा शोधनिबंध लिहिला. एकाच जातीत दोन तऱ्हांचे नर का आढळतात? गाडगीळ म्हणाले, शस्त्रे आणि झुंज यांवर सगळी ताकद ओतणारा आणि तो खर्च टाळून जगणारा, असे दोन्ही नर सारखेच यशस्वी ठरू शकतात. स्पर्धेचे एकच ठरलेले उत्तर नसते. पश्चिम घाटाच्या अहवालामुळे गाडगीळांचे नाव घरोघरी पोचले, पण त्यांचे हे काम मराठी वाचकाला जवळजवळ ठाऊकच नाही, याची मला खंत वाटते.

वॉलेसच्या शंकेला सरळ उत्तर १९८२ साली मिळाले, आणि तेही सुगरणीच्याच कुळातल्या पक्ष्याकडून. केनियात माल्टे अँडरसनने अर्धा मीटर शेपटीच्या विधवा-पक्ष्यांच्या काही नरांच्या शेपट्या कापल्या आणि ते तुकडे दुसऱ्या नरांच्या शेपटीला चिकटवले. लांबवलेल्या शेपटीच्या नरांच्या हद्दीत जास्त माद्यांनी घरटी केली. पसंती आहे, आणि ती मोजता येते, हे सिद्ध झाले.

आपल्या सुगरणीबाबत मात्र गोष्ट इथे संपली नाही. सुहेल कादर यांनी या शतकाच्या पहिल्या दशकात भारतात केलेल्या अभ्यासातून वेगळेच चित्र पुढे आले. मादी विणकामाच्या नजाकतीपेक्षा घरट्याच्या जागेला अधिक महत्त्व देते. म्हणजे ती कारागिराची परीक्षा घेते असे आपण समजत होतो, पण ती बरीचशी झाडाची आणि फांदीची परीक्षा घेत असते. मला हा निष्कर्ष फार मोलाचा वाटतो, कारण त्यामुळे निवड ही गोष्ट नर-मादीपुरती राहत नाही, ती परिसराशी बांधली जाते.

मी ठाण्यातल्या बाळकुमला राहतो म्हणून हे मला जास्त जाणवते. उल्हास नदीचे पाणी इथे खाडीत मिसळते. अलीकडे आगरी-कोळ्यांची जुनी गावठाणे, पलीकडे कशेळी-काल्हेर. भातशेती, उंच गवत, बांधावरची शिंदी आणि ताड, काठाला तिवरे: सुगरणीला लागणारे सगळे या पट्ट्यात होते. तिची वीण पावसावर चालते, कारण गवताची आणि भाताची पाती विणण्याइतकी लांब तेव्हाच होतात. एका घरट्यासाठी नर पाचशेपर्यंत फेऱ्या मारतो. पलीकडच्या शेतांवर गोदामे उभी राहिली, अलीकडे टॉवर आले, नाक्यावरून मेट्रोचे खांब गेले. झाड एकवेळ राहते, पण त्याच्या जवळचे गवत जाते. तेव्हा प्रत्येक फेरी लांबते, आणि पाचशेने गुणल्यावर ती किती लांबते याचा विचार करावा.

अशा ठिकाणी नर कमी घरटी विणत असेल का? की जागा थोड्याच उरल्यामुळे मादी पूर्वी नाकारली असती अशी घरटीही पत्करत असेल? काही ठिकाणी सुगरणी विजेच्या आणि टेलिफोनच्या तारांवर घरटी लटकवतात. तशा घरट्यांत पूर्ण किती आणि अर्धी किती? जून ते सप्टेंबर एकच झाड धरून दर आठवड्याला पूर्ण आणि अर्धवट घरट्यांची मोजणी लिहून ठेवली, आणि सर्वांत जवळचे भाताचे शेत किती अंतरावर आहे तेवढे नोंदवले, तर काही पावसाळ्यांत उत्तराची दिशा दिसू लागेल. बाळकुम, ढोकाळी, कोलशेत इथल्या शाळांना हे सहज जमण्यासारखे आहे, आणि तुलनेसाठी किहीमची १९३१ सालची नोंद छापील उपलब्ध आहे.