दुसऱ्या विश्वाचे पारडे

आपल्या विश्वाखेरीज दुसरी विश्वे असतील काय, हा प्रश्न शास्त्रज्ञ व कथालेखक हे दोघेही विचारीत आले आहेत. ह्यू एव्हरेट ह्या अमेरिकन शास्त्रज्ञाने १९५७ साली असे मत प्रसिद्ध केले की, अतिसूक्ष्म कणांविषयी ज्या अनेक शक्यता संभवतात, त्यांपैकी एकच खरी ठरून बाकीच्या नाहीशा होत नाहीत. सर्वच खऱ्या असतात, जणू एकाच वृक्षाच्या निरनिराळ्या शाखा. हे मत अद्याप सिद्ध झालेले नाही. ते खरे मानले तरी, एका शाखेतील तूट दुसरीने भरून द्यावी असा हिशेब त्यात नाही.

तसा हिशेब आढळतो तो कथेत. आयझॅक आसिमॉव्ह ह्यांच्या १९७२ सालच्या ‘द गॉड्स देमसेल्व्ज’ ह्या कादंबरीत मनुष्यांना दुसऱ्या विश्वाशी देवघेव करून फुकट शक्ती मिळू लागते; परंतु त्यामुळे सूर्याचाच स्फोट होण्याचे भय उत्पन्न होते. इशारा कितीही दिला, तरी फुकटचा लाभ सोडावयास कोणी राजी नसते. शेवटी आणखी एका विश्वाशी जोड करून दोन्ही पारडी सारखी केली जातात.

कथेत हे शोभते. पण आपले मनही अशीच तिसरी जागा शोधीत असते. धान्याच्या मापात शेजाऱ्यास फसविणारा मनुष्य रविवारी दानपेटीत चार नाणी अधिक टाकतो, आणि पारडे सारखे झाले असे समजतो. शेजाऱ्याची कणगी मात्र रितीच राहते.

मग दान करू नये काय? अवश्य करावे. जक्कयानेही आपले अर्धे द्रव्य दरिद्र्यांस देऊ केले. पण तेवढ्यावर तो थांबला नाही. ज्यांना फसविले होते, त्यांनाच चौपट परत करण्यास तो सिद्ध झाला. प्रभूची कृपा त्याने ह्या पैशाने विकत घेतली नाही. प्रभु आपण होऊन त्याच्या घरी आला होता, आणि हे त्या कृपेचे फळ होते.

विश्व एक असो वा अगणित असोत, ज्याचे आपण घेतले तो ह्याच गावात राहतो. तो निवर्तला असेल, तर त्याची मुलेबाळे आहेत. ह्यास्तव येत्या रविवारी दानपेटीकडे जाण्यापूर्वी आपण प्रथम त्याच्या दारी जावे.