निशाण आणि नांगर

२२ ऑगस्ट १७७० रोजी ऑस्ट्रेलियाच्या उत्तर टोकाजवळील एका लहानशा बेटावर कॅप्टन जेम्स कुकने ब्रिटिश निशाण उभारले आणि ज्या किनाऱ्याचा बहुतेक भाग त्याने केवळ गलबतावरून पाहिला होता तो सबंध पूर्व किनारा तिसऱ्या जॉर्ज राजाच्या नावे जाहीर केला. त्या वेळी त्याच्यापाशी असलेल्या गुप्त हुकुमनाम्यात रहिवाशांच्या संमतीने ताबा घ्यावा असे कलम होते, ही गोष्ट मला त्या निशाणाहूनही अधिक विचारणीय वाटते. संमती कोणीच दिली नव्हती. उलट एप्रिलमध्ये बॉटनी बे येथे उतरताना दोन माणसे भाले घेऊन आडवी आली होती आणि त्यांच्यावर बंदुका झाडल्या गेल्या होत्या. म्हणजे माणसेही दिसली होती आणि त्यांचा विरोधही दिसला होता. दिसला नाही तो त्यांचा हक्क, कारण नांगरट, कुंपण आणि पक्के घर यांवाचून जमिनीचा धनी ओळखण्याची रीत त्या दर्यावर्दींना ठाऊकच नव्हती.

यवतमाळ जिल्ह्यात बसून त्या दूरच्या खंडाचा विचार करावा, याला भूगर्भाचाही आधार आहे. वणीचा कोळसा ज्या गोंडवन थरांत सापडतो, त्याच कुळीचे थर ऑस्ट्रेलियात आणि अंटार्क्टिकातही आहेत, आणि एकेकाळी एकसंध असलेल्या त्या दक्षिण भूखंडाला एडुआर्ड झ्यूस या ऑस्ट्रियन भूगर्भशास्त्रज्ञाने गोंडांच्या मुलखावरूनच नाव दिले.

यवतमाळच्या या मुलखात मात्र निशाणाच्या आधी दुर्बीण आली. विल्यम लॅम्बटनची त्रिकोणमितीय मोजणी दक्षिणेकडून सरकत वऱ्हाडापर्यंत पोचली होती, आणि १८२३ मध्ये तो वर्धा नदीपलीकडे हिंगणघाटला वारला. पुढे १८५३ च्या तहाने, फौजेच्या खर्चाची थकबाकी भागविण्यासाठी, निजामाने वऱ्हाड कंपनी सरकारच्या हवाली केले. मग जमाबंदी आली, मोजणीची साखळी आली, शेताशेताला नंबर पडले. न्यायाने बोलायचे तर कुकच्या वारसांनी जे केले नाही ते या कारभाराने केले: वहितीच्या जमिनीचा खातेदार शोधून त्याचे नाव कागदावर चढविले. परंतु इथल्या ज्या कोलाम आदिवासीने डोंगरउतारावरचा एक तुकडा कुऱ्हाडीने आणि विस्तवाने मोकळा करून, दोनचार पिके काढून, रान पुन्हा वाढावे म्हणून तो सोडून दिला, त्याचे खाते कोणत्या नंबरावर घालायचे? त्याने सोडलेली जमीन पडीक ठरली, पडिकाचे सरकारी रान झाले, आणि १८७८ च्या हिंदुस्थानी वनकायद्यात जी दृष्टी होती, तीच या सागवानी जंगलांना लागू होऊन, बापजाद्यांनी मोहफुले वेचलेल्या झाडाखाली उभा असलेला माणूस गुन्हेगार ठरू लागला.

येथे दोष केवळ साहेबाच्या माथी मारून आपल्याला मोकळे होता येणार नाही. जमीन कसेल त्याची, हे आपण अभिमानाने म्हणतो. पण कसणे म्हणजे बैल आणि नांगर, हा अर्थही आपणच निमूटपणे गृहीत धरला आहे, आणि केळापूर, मारेगावकडच्या कोलामांच्या पोडावर, म्हणजे वस्तीवर, गेलेला सज्जन शेतकरीसुद्धा मधली चावडी आणि भोवतालची घरे पाहून या लोकांना जमीनच नाही असे म्हणतो, तेव्हा तो त्या दर्यावर्दींच्याच डोळ्यांनी पाहत असतो.

जंगलावरील सरकारी हक्काला उघड आव्हान मिळाले ते पुसदला. १० जुलै १९३० रोजी लोकनायक बापूजी अणे यांनी राखीव जंगलातले गवत कापून कायदा मोडला व कैद पत्करली. विळाभर गवत ही क्षुल्लक वस्तू. पण ते परवान्यावाचून कापणे म्हणजे त्या रानावर आमचा पूर्वापार अधिकार आहे असे जाहीर करणेच होते.

ऑस्ट्रेलियात ही जाणीव न्यायासनापर्यंत पोचायला ३ जून १९९२ उजाडावा लागला. मरे बेटावरील एडी माबो याच्या दाव्यात, मूळ रहिवाशांचा हक्क ब्रिटिश सत्तेच्या आगमनाने आपोआप नष्ट झाला नव्हता, असे तेथील सर्वोच्च पीठाने मान्य केले. माबो निकालाआधी काही महिने वारला होता. आपल्याकडे २००६ चा वनहक्क कायदा आला. त्याच्या नियमांत सरकारी दप्तराबरोबरच विहिरी, दफनभूमी, देवस्थाने आणि गावातल्या म्हाताऱ्याने सांगितलेली, लिहून घेतलेली हकीकत हाही पुरावा मानला आहे, आणि दाव्यांची पहिली छाननी ग्रामसभेकडे सोपविली आहे. पोडावरच्या म्हाताऱ्याने रानाकडे हात करून पूर्वजांची जागा दाखवावी आणि ती कागदावर यावी, एवढा अवकाश या नियमाने निर्माण केला. आता ती हकीकत घाई न करता, पुरती ऐकून लिहून घेणारी माणसे त्या चावडीत बसली पाहिजेत.