पडत्या डावातील निष्ठा

सोलापूर जिल्ह्यातील एका खेड्यातून एका बंधूंनी आम्हांस पत्र लिहून प्रश्न विचारिला आहे. त्यांचा मुलगा गावच्या क्रिकेट-संघात चार वर्षे खेळत होता. गेल्या हंगामात शहरातील एका संघाने त्यास बोलाविले, बूट दिले, येण्याजाण्याचे भाडे देऊ केले, आणि तो गेला. पुढे गावचा संघ पहिल्याच सामन्यात हरला. तेव्हापासून पारावर बसणारी मुले त्यास फितूर म्हणतात. "पोर चुकले काय, हे आपण सांगावे," असे बंधू लिहितात.

पोरासोरांच्या खेळाची गोष्ट म्हणून आम्ही हे पत्र बाजूस सारणार होतो. परंतु विचार करू लागलो तो असे दिसले की, मोठ्यांच्या व्यवहारातही हाच प्रश्न निराळ्या वेषाने येत असतो. ज्या घरचे मीठ खाल्ले ते घर कधी सोडावे? सोडले तर तो द्रोह होतो काय? आणि घर पडू लागले असता त्यातच बसून राहणे हा सद्गुण म्हणावा की नुसता हट्ट?

एकनिष्ठ खेळाडूचे उदाहरण म्हणून इटली देशातील फ्रँको बारेसी यांचे नाव घेतात. फुटबॉलमध्ये त्यांचे काम बचावाचे. गोल करणाराचे नाव होते. गोल न होऊ देणाराची आठवण लोकांस बहुधा तो चुकला म्हणजेच होते. बारेसी 1960 साली जन्मले व कोवळ्या वयातच आईबापांस मुकले. मिलान शहरात दोन मोठे संघ आहेत. त्यांपैकी इंटर संघाने त्यांचे वडील बंधू ज्युसेप्पे यांस घेतले आणि लहान फ्रँको यांस नाकारिले. तेव्हा दुसऱ्या, म्हणजे ए. सी. मिलान या संघाने त्यांस ठेवून घेतले. 1980 साली सामन्यांवरील जुगाराचे प्रकरण उघडकीस येऊन या संघास शिक्षा म्हणून खालच्या वर्गात उतरविण्यात आले. तो वर चढतो न चढतो तोच 1982 साली, या खेपेस खेळातच हरून, पुन्हा खाली गेला. बारेसी तेव्हा बावीस वर्षांचे होते. ते राहिले, त्या पडलेल्या संघाचे नायक झाले, आणि 1997 साली खेळ सोडीपर्यंत तेथेच होते. मधल्या काळात संघाने युरोपचे चषक जिंकिले. त्यांच्या पाठीवरचा 6 हा आकडा मिलानने पुढे कोणास दिला नाही.

येथे एक अडचण आहे, ती झाकून ठेवणे बरे नव्हे. 1980 साली त्या संघाच्या काही वडीलधाऱ्यांकडूनच अपराध घडला होता. अशा घरात राहणे म्हणजे त्या पापात भागीदार होणे नव्हे काय? आम्हांस तसे वाटत नाही. बारेसी यांनी जुगार केला नव्हता, आणि राहून त्यांनी तो झाकलाही नाही; दुसऱ्यांच्या अपराधाची शिक्षा मात्र त्यांनी खालच्या वर्गात खेळून भोगली. राहून जर त्यांनी अपराध्यांची वकिली केली असती, तर आमचे मत निराळे झाले असते.

पण इटलीपर्यंत जाण्याचे कारण नाही. आपल्या सांगलीस 11 मार्च 1915 रोजी एका मराठी ख्रिस्ती शिक्षकाच्या घरी विजय हजारे जन्मास आले. त्यांच्या फलंदाजीत बचावाचे अंग इतके भक्कम असे की, गोलंदाज थकावा पण हजारे हलू नयेत. बॅट दोन पायांच्या मध्ये धरून उभे राहण्याची त्यांची ढब पाहणारास विचित्र वाटे. देवासच्या महाराजांनी ऑस्ट्रेलियाचे नामांकित गोलंदाज ग्रिमेट यांस शिकविण्यास आणिले होते. त्यांनी हजाऱ्यांस पुष्कळ शिकविले, परंतु ती ढब आहे तशीच राहू दिली. शहाणा गुरू काय बदलू नये हेही जाणतो.

1939-40 च्या हंगामात पुण्यास महाराष्ट्राकडून खेळताना हजाऱ्यांनी नाबाद 316 धावा केल्या; प्रथम श्रेणीच्या क्रिकेटमध्ये तीनशेचा पल्ला गाठणारे ते पहिले भारतीय. त्या धावा कोणाविरुद्ध होत्या हे वाचकांनी ध्यानात ठेवावे: बडोद्याविरुद्ध. आणि 1941 साली हेच हजारे महाराष्ट्राचा संघ सोडून बडोद्यास गेले! पारावरच्या मुलांच्या न्यायाने तेही फितूरच ठरावयाचे. परंतु त्या काळी क्रिकेट खेळून पोट भरत नसे. खेळाडूस नोकरी देऊन पोसणारे संस्थानिक होते, आणि बडोदे सरकारने त्यांस आपल्या चाकरीत घेतले. शिक्षकाच्या मुलाने भाकरीच्या मागे जावे यात लाजण्यासारखे काय आहे? गेले ते मात्र कायमचे. 1961 पर्यंत, म्हणजे वीस वर्षे, ते बडोद्याकडून खेळले. संस्थान विलीन झाले, राजेशाही गेली, तरी ते तेथेच राहिले, आणि 18 डिसेंबर 2004 रोजी बडोद्यासच वारले. ज्याने एकदा घर बदलले त्यास एकनिष्ठ म्हणू नये, असा दंडक केला तर सासरी गेलेल्या प्रत्येक लेकीस आपणांस नावे ठेवावी लागतील.

आता ज्या गोष्टीसाठी आम्ही लेखणी उचलली ती सांगतो. मुंबईस त्या काळी पंचरंगी सामने होत. हिंदू, मुसलमान, पारशी व युरोपियन असे चार संघ, आणि 1937 पासून पाचवा 'रेस्ट', म्हणजे उरलेल्यांचा. ख्रिस्ती, यहुदी, बौद्ध, अँग्लो-इंडियन, ज्यांस दुसऱ्या पंक्तीत पान नाही त्या सर्वांचा हा संघ. नावातच 'उरलेले'! आमच्या खेड्यांतील मंडळ्यांस हा शब्द समजावून सांगावयास नको. धर्मावर संघ पाडण्याच्या या रीतीस महात्मा गांधींनी 1940 साली उघड विरोध केला, आणि 1946 नंतर हे सामने झाले नाहीत. ते बंद झाले हे योग्यच झाले असे आमचे मत आहे.

तथापि डिसेंबर 1943 मध्ये ब्रेबॉर्न मैदानावर रेस्ट व हिंदू यांचा अंतिम सामना झाला. हिंदू संघाने 5 गडी बाद 581 धावांवर डाव सोडला. त्यांत विजय मर्चंट यांच्या नाबाद 250 होत्या. रेस्टचा पहिला डाव 133 धावांत आटोपला. लागलीच पुन्हा खेळावयास उतरावे लागले आणि पाच गडी झटपट गेले. सामना हरला होता. मैदानावरील लहान मुलासही ते दिसत होते. तेव्हा विजय हजाऱ्यांच्या जोडीस त्यांचे धाकटे बंधू विवेक आले. दोघा भावांनी मिळून 300 धावांची भागी केली. त्यांत विवेक यांच्या धावा किती? एकवीस. शेवटी संघाच्या 387 धावा झाल्या, पैकी 309 एकट्या विजय हजाऱ्यांच्या. तरीही रेस्टचा संघ एक डाव व 61 धावांनी हरला.

लोक त्या 309 धावांचे कौतुक करितात आणि ते रास्तच आहे. आमचे चित्त मात्र त्या एकवीस धावांपाशी अडखळते. भाऊ चौकार मारतो आहे, लोक टाळ्या वाजवीत आहेत, आणि हा समोरच्या टोकास उभा. आपल्या वाट्याचा चेंडू आला की अडवावयाचा, एक धाव काढून भावास खेळू द्यावयाचे, पुन्हा उभे राहावयाचे. विवेक लवकर बाद झाले असते तर त्या 309 झाल्या असत्या काय? वडील भावाच्या निष्ठेस कीर्तीची जोड तरी होती. धाकट्याच्या निष्ठेस विजय मिळावयाचा नव्हता आणि नावही मिळावयाचे नव्हते. धावफलकावर 21 हा आकडा पाहून कोणी म्हणणार नाही की, येथे एक मोठा खेळाडू होऊन गेला.

विजय हजाऱ्यांचे आयुष्य अशा पडत्या डावांनीच भरलेले आहे. जानेवारी 1948 मध्ये ॲडलेडला ब्रॅडमनच्या संघाविरुद्ध त्यांनी दोन्ही डावांत शतके केली, 116 व 145. भारत एका डावाने हरला. 1952 साली लीड्सला भारताचे चार गडी शून्यावर बाद झाले, तेव्हा ते नायक होते. 56 धावा त्यांनी केल्या, फडकरांनी 64, आणि तो सामनाही गेला. भारताने कसोटी सामना पहिल्याने जिंकला तो मात्र त्याच वर्षी, फेब्रुवारीत, मद्रासला, त्यांच्याच हाताखाली.

निष्ठेचे एवढे गोडवे गाऊन झाल्यावर सोलापुरात राहणाऱ्या माणसास दुसरी बाजू विसरता येत नाही. या शहरातील मोठ्या कापड-गिरण्या विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात एकामागून एक बंद पडल्या. ज्यांनी तीस तीस वर्षे भोंगा वाजण्यापूर्वी दरवाजा गाठला, त्यांच्याशी कोण एकनिष्ठ राहिले? चाकराकडून निष्ठा मागावयाची आणि धन्याने स्वतःस मोकळे ठेवावयाचे, या व्यवहारास आम्ही निष्ठा म्हणत नाही. बडोद्याने हजाऱ्यांस भाकरी दिली, मिलानने बारेसी यांचा आकडा राखून ठेविला. गावच्या संघाने आमच्या बंधूंच्या मुलास काय दिले होते? चार वर्षांत बुटांचा एक जोड तरी?

म्हणून पारावरच्या मुलांचा निवाडा आम्हांस मान्य नाही. मुलगा मोठ्या संघात गेला एवढ्यावरून तो फितूर ठरत नाही. पण त्यास निर्दोषही म्हणण्यापूर्वी आम्हांस एक गोष्ट कळली पाहिजे, आणि ती पत्रात नाही. सामन्याचा दिवस ठरला असता तो कोणास न सांगता निघून गेला, की आधी संघाच्या नायकाकडे जाऊन, आपल्या जागी दुसरा गडी पाहावयास अवधी देऊन, मग गेला? बंधूंनी मुलास विचारून हे आम्हांस कळवावे.