ऐकणाऱ्याची अट

खुलताबादला औरंगजेबाची कबर पाहायला येणारे बहुतेक लोक ती कोणाच्या अंगणात आहे, हे विचारत नाहीत. ते अंगण शेख जैनुद्दीन शिराजी यांच्या दर्ग्याचं आहे. १३६९ साली वारलेले हे संत चिश्ती परंपरेतले, म्हणजे गाणं ऐकणं हीही उपासना मानणाऱ्यांतले. आणि बादशहाने तर १६६८च्या सुमारास दरबारातलं गायन बंद केलं होतं, पुढे स्वतः ऐकणंही सोडलं होतं. इथे नियतीचा विनोद वगैरे शोधण्याचा मोह होतो. मला त्याहून महत्त्वाचं वाटतं ते हे, की जैनुद्दीनही आधी आक्षेपच घेऊन आले होते.

ते शरीयतचे जाणकार. शेख बुऱ्हानुद्दीन गरीब गाण्यात रमतात, हे त्यांना खटकलं. परंपरा सांगते, की ते जाब विचारायला त्यांच्या खानकाहमध्ये, म्हणजे मठात, गेले, बोलणं झालं, समाधान झालं आणि ते शिष्य झाले. बुऱ्हानुद्दीन हे दिल्लीच्या निजामुद्दीन औलियांचे शिष्य. मुहम्मद तुघलकाने १३२७ साली राजधानी दौलताबादला आणली, त्या काळात दिल्लीकरांचा जो लोंढा दख्खनेत आला, त्याबरोबर ही परंपराही इथे रुजली. समामध्ये, म्हणजे भक्तिगायन ऐकण्याच्या बैठकीत, बुऱ्हानुद्दीन यांचं तल्लीन होऊन डोलणं इतकं वेगळं होतं, की तसं डोलणाऱ्यांना ‘बुऱ्हानी’ हेच नाव पडलं. १३३७ साली ते गेले. त्यांची कबर खुलताबादलाच आहे.

आता या तल्लीनतेबद्दल आपली एक सोयीची समजूत आहे: सूफी म्हणजे मोकळेढाकळे, नियमांच्या पलीकडचे, आणि मुल्ला म्हणजे संगीताचे वैरी. प्रत्यक्षात समाइतकं बंधनांनी बांधलेलं संगीत क्वचितच असेल. निजामुद्दीन यांची बोलणी ज्यांनी लिहून ठेवली, ते कवी अमीर हसन सिजझी हेही खुलताबादच्याच मातीत आहेत. त्यांच्या ‘फवाइदुल फुआद’मध्ये समाच्या अटी येतात. गाणारा प्रौढ पुरुष हवा. जे गायचं ते सवंग नको. चंग, रबाब अशी वाद्यं नकोत. आणि ऐकणाऱ्याचं चित्त ईश्वरापाशी हवं. त्याच्या कितीतरी आधी गझालींनी जुनैद या सूफींच्या नावावर सांगितलेलं सूत्र याहून आटोपशीर आहे: समाला वेळ, जागा आणि सोबती, तिन्ही योग्य हवेत. एक जरी चुकलं तरी न ऐकलेलं बरं.

यातली ‘प्रौढ पुरुष’ ही अट मला मान्य नाही, आणि आदराखातर ती झाकूनही ठेवायची नाही. अर्ध्या माणसांचा आवाज बाद करणारा नियम कितीही जुना असला तरी तोकडाच. बायकांना हे ठाऊक होतं. त्यांनी आपलं गाणं जात्यावर बसवलं, आणि दख्खनी सूफींनाही शेवटी चक्कीनामे, म्हणजे जात्यावरची गाणी, रचून त्याच जात्यापाशी यावं लागलं. पण ऐकणाऱ्यालाच जबाबदार धरणारी अट मात्र विलक्षण आहे. आक्षेप घेणारे आणि गाणारे यांच्यातला खरा वाद तिच्यावरच होता: स्वर निर्दोष असेल हो, पण ऐकणाऱ्याच्या आत तो काय जागं करतो? म्हणूनच त्या वादात एक बाजू दुसरीकडे येऊ शकत होती. जवळच्या छत्रपती संभाजीनगर शहरातल्या पाणचक्कीला बाबा शाह मुसाफिर यांचा नक्शबंदी तकिया, म्हणजे फकिरांचा मठ, आहे. त्या परंपरेचा भर मूक जिक्रावर, म्हणजे ईश्वराच्या स्मरणावर. चिश्ती गातात, नक्शबंदी गप्प राहतात, आणि दोघांनाही एकाच मनाची काळजी असते.

ज्या देवगिरीच्या, म्हणजे दौलताबादच्या, आसऱ्याने समा रंगला, त्याच किल्ल्यावर दोन शतकांनी एकनाथ जनार्दनस्वामींपाशी शिकले. फाल्गुन वद्य षष्ठीला एकनाथांच्या पैठणला दिंड्या जमतात, तेव्हा वारकरी कीर्तनात तीच शिस्त दिसते. विणेकरी वीणा जमिनीवर टेकवत नाही. दमला तर दुसऱ्याच्या गळ्यात देतो. टाळकरी मागे उभे राहून चाल उचलतात आणि समोर बसलेलेही त्यात असतात. तिथे निव्वळ प्रेक्षक असा कोणी नसतो, निदान नसावा.

आज मात्र धार्मिक संगीताचा सगळा तंटा आवाजावर येऊन थांबला आहे. २०००च्या ध्वनिप्रदूषण नियमांनी रात्री दहा ते सकाळी सहा ही वेळ शांततेसाठी राखली, रुग्णालय-शाळांभोवती शांतता क्षेत्रं आखली, निवासी वस्तीत दिवसा ५५ आणि रात्री ४५ डेसिबलची मर्यादा घातली. हे हवंच होतं. गंमत एवढीच, की वेळ आणि जागा या सूफींच्या दोन अटी सरकारने आपल्या परीने लागू केल्या. तिसरी, सोबत्यांची, लागू करणं कोणत्याही ठाणेदाराच्या हातात नाही. ध्वनिक्षेपकाचा कर्णा नेमकी तीच मोडतो. ज्याने ऐकायचं ठरवलं नाही, त्याच्याही घरात तो गाणं घुसवतो, आणि जो ऐकायला आला, त्याला नुसता गर्दीतला एक करून सोडतो. मशीद, मंदिर, उरूस, जयंती, यात कोणीही दुसऱ्याकडे बोट दाखवावं अशी स्थिती नाही.

यावर उत्तर येतं: उरुसाला, षष्ठीला एवढा समुदाय लोटतो, कर्ण्याशिवाय ऐकू कसं जाणार? बरोबर आहे. मोठ्या मांडवात तो राहू द्या. पण त्याच दिवशी, त्याच दर्ग्यात किंवा वाड्यात, पन्नास-साठ माणसांची एक बैठक बिनकर्ण्याची का होऊ नये? मोबाइल बाहेर ठेवून, गायिकांनाही जागा देऊन. कर्ण्याला लेखी परवानगी लागते. या बैठकीला विश्वस्तांनी फक्त ठरवायला हवं.